घशाने गाळलेला गड

दरबारात त्याला सगळे ‘घसा’ म्हणत. महाराज सिंहासनावर बसले की त्यांच्या पदव्या पुकारायच्या, एवढंच त्याचं काम. सात घाटांचे राखणदार, नदीपारच्या कुरणांचे स्वामी, उत्तरगडाचे धनी, मीठखाडीचे मालक, अशी ती माळ बराच वेळ चाले. माळेतलं एक बंदर गाळाने बुजून तिथे शेळ्या चरत होत्या. एक बेट तर महाराजांच्या आजोबांच्याच काळात हातचं गेलं होतं. पण पदव्या वाढत, कमी होत नसत. तशी रीतच नव्हती.

आज सकाळपासून मात्र घसा घरात येरझाऱ्या घालत होता. दुधाचा पेला तसाच निवला होता.

उत्तरेच्या लोकांनी बंड करून उत्तरगडाला वेढा दिला होता. आत अडकलेल्या शिपायांत त्याचा जावई होता. बंडवाल्यांचा वकील काल शहरात आला आणि म्हणाला, “भर दरबारात गडावरचा हक्क सोडा, माणसं जिवंत सोडतो.” महाराजांना हे तोंडाने म्हणवेना. शेवटी दिवाणांनी तोड काढली. महाराजांनी काही बोलायचं नाही. घशाने पदव्या पुकारताना तेवढा एक गड गाळायचा. वकिलालाही ते पटलं.

“…कुरणांचे स्वामी, उत्तर—” घशाने जीभ चावली.

“अहो, बसा की जरा,” बायको म्हणाली. “एक नाव गिळवत नाही तुम्हाला? माझ्या माहेरचं बोलावणं तर न चावता गिळता!”

“चेष्टा नको. वडिलांनी छडी घेऊन शिकवलंय मला. रहाटगाडगं आहे ते. मधलं एक गाडगं काढलं की मागचं वर येत नाही.”

मुलगी दाराला टेकून उभी होती. कित्येक दिवसांत ती धड जेवली नव्हती. “बाबा, गड आला की खोका,” ती म्हणाली. “खोकल्यात नाव जाऊ द्या आणि पुढे चला.”

घशाने करून पाहिलं. कुरणांचे स्वामी, मग खोकला, मग मीठखाडीचे मालक. जमलं! पुन्हा केलं, पुन्हा जमलं. मुलगी कितीतरी दिवसांनी हसली.

“बघा, पोरीला अक्कल आहे. माझ्यावर गेलीय,” बायको म्हणाली.

पण दरबाराला जाताना वाटेत घशाने पुन्हा एकदा म्हणून पाहिलं. घरात खोकताना आपण मनातल्या मनात गडाचं नाव घेतच होतो, हे त्याला चौकात पोचल्यावर कळलं. आणि दरबारात ते चुकून तोंडातून निसटलं तर? परत फिरून मुलीला विचारावंसं वाटलं. पण दरबाराची घंटा झाली होती.

दरबार भरला. वकील पुढच्या रांगेत पाय हलवत बसला होता. त्याच्यामागे निरनिराळ्या प्रांतांचे कारभारी होते. त्यातले बरेचसे जांभया देत होते, कारण ही माळ त्यांना पाठ होती. महाराज येऊन बसले. दिवाणांनी डोळ्याने खूण केली.

घशाने सुरुवात केली. घाट आले, कुरणं आली. त्याच्या डोळ्यांपुढे जावयाचा चेहरा आला आणि त्याने गडाचं नाव मनातूनसुद्धा हुसकून लावलं. मग खोकला.

खोकला छानच झाला. पण त्यानंतर काहीच आलं नाही.

मीठखाडी आली नाही. तिच्यामागचे डोंगर, बंदरं, मळे, कुणीच आलं नाही. दिवाण ओठांनी काहीतरी सुचवत होते. त्यांनाही नीट ठाऊक नसावं. सगळा दरबार त्याच्या तोंडाकडे बघत होता. शेवटी त्याने वाकून एवढंच म्हटलं, “महाराजांचा विजय असो!”

वकील उठला आणि त्याने महाराजांना मुजरा केला. त्याचं काम झालं होतं.

मागे मात्र कुजबुज सुरू झाली.

“आपलं नाव आलं का हो?” मीठखाडीच्या कारभाऱ्याने शेजाऱ्याला विचारलं.

“नाही बुवा. तुमचं?”

“माझंही नाही. म्हणजे आपल्यालाही सोडलं म्हणायचं?”

“मग आपण इथे कशाला बसलोय?”

कुणी आरडाओरडा केला नाही. मीठखाडीवाल्याने टोपी उचलली आणि तो बाहेर पडला. मग शेजारचा, मग त्याच्या मागचा. गर्दी होऊ नये म्हणून एकमेकांना वाट देत ते गेले. दिवाण एकाची बाही धरून “अहो, खोकला आला त्याला, खोकला!” म्हणत होते. तो माणूस बाही सोडवून घेत म्हणाला, “दिवाणजी, आम्हीही निमित्तच शोधत होतो.”

दुपारी दिवाणांनी घशाला गाठलं. “शिपायांना सोडा म्हणून सांगायला वकील गडाकडे गेला. तुमचा जावई येईल घरी. घाट आणि कुरणं वगळता बाकी राज्य गेलं आपलं. आत जा, महाराजांनी बोलावलंय.”

घशाला पळत घरी जायचं होतं. तो आत गेला, पण उंबऱ्याशीच उभा राहिला.

महाराज खिडकीजवळ बसले होते. ते रागावले नव्हते. “काय काय होतं रे आपल्याकडे?” त्यांनी विचारलं. “मी कधी लक्ष देऊन ऐकलंच नाही. म्हण बघू.”

घशाने म्हटलं. आता ऐकायला कुणी नव्हतं, तर गडासकट सगळं सरळ आलं.

“मीठखाडी कुठे आली?”

“ठाऊक नाही, महाराज.”

“पाहिली नाहीस?”

“घर ते दरबार, दरबार ते घर. नावं तेवढी येतात मला.”

“माझंही तसंच.” महाराज म्हणाले. “पुन्हा म्हण. सावकाश.”

घशाने तोंड उघडलं आणि मिटलं. उंबऱ्यावर त्याचे पाय ठरत नव्हते. “महाराज, मुलगी वाट बघतेय,” तो म्हणाला. महाराजांपुढे पदव्यांखेरीज दुसरं काही तो पहिल्यांदाच आपणहून बोलत होता.

“जा मग.”

तो वळला, तेवढ्यात मागून हाक आली. “जावई आला की त्याला पाठव माझ्याकडे. त्याने एक गड तरी पाहिलाय.”

“हो महाराज,” म्हणेपर्यंत घसा जिना अर्धा उतरला होता.