तासाभराची मुदत

जकार्तातल्या त्या ऑनलाइन व्हिडिओ कंपनीत डाउनलोडचं काम गालांगला मिळालं आणि हेस्तीच्या पोटात दुखायला लागलं. इतकी वर्षं राबली ती, आणि मान कालच्या पोराला! वर पोरगा गोड बोलणारा. कॅन्टीनवाली बाईसुद्धा त्याच्या ताटात टेंपेचा, त्या सोयाबीनच्या वडीचा, एक तुकडा जास्त टाकायची. हेस्तीला तेही खुपायचं.

ईदेच्या आधी अख्खं शहर गावाला निघतं. वाटेत बघायला लोकांना मालिका फोनमध्ये उतरवून घेता याव्यात, लाखोंनी एकदम मागितल्या तरी सर्व्हर बसू नयेत, असं ते काम होतं. गालांगनं बैठकीत आराखडा मांडला. मध्येच नेटवर्क गेलं तर उरलेला भाग पुढे उतरणार, पण तासाभरात. तास उलटला की पुन्हा पहिल्यापासून.

हेस्तीला चूक तिथेच दिसली. दर ईदेला ती बसनं गावी, डोंगरातल्या वोनोसोबोला जायची. घाटात नेटवर्क तासन्‌तास तोंड दाखवत नाही. सगळ्या बसमधले फोन पुन्हा पहिल्यापासून मागायला लागले तर सर्व्हरचा जीवच जाणार.

"कुणाला काही शंका?" साहेबांनी, पाक हेंद्रोंनी विचारलं.

ती गप्प बसली. चारचौघांत सहकाऱ्याची चूक काढणं त्या ऑफिसात वाईटच दिसायचं, त्यामुळे तिचं गप्प बसणं सभ्यपणात खपून गेलं.

पण नंतर गालांग स्वतःच तिच्या टेबलापाशी आला.

"म्बाक," मोठ्या बहिणीला म्हणावं तसं तो म्हणाला, "तुम्ही दर वर्षी बसनं जाता. मी बांडुंगचा, ट्रेननं जाणारा. माझं काही चुकत असेल तर सरळ कान उपटा."

"छे रे! तुझ्यासारख्या हुशार माणसाला मी काय शिकवणार?"

"म्हणजे आराखडा पास?"

"पास!"

म्हणताना तिला गुदगुल्या झाल्या.

व्हायचं तेच झालं. बसेस घाटात शिरल्या आणि सर्व्हर आडवे झाले. गालांगच्या हातून ते काम गेलं.

सुट्टीनंतर रिवाजाप्रमाणे ऑफिसात सगळे एकमेकांची माफी मागायला जमले. गालांग कोपऱ्यात एकटा दिसेल असं हेस्तीला वाटलं होतं. पण त्याच्याभोवती ही गर्दी! जो तो त्याची पाठ थोपटत होता. ती आणखीच जळली.

तो तिच्यासमोर येऊन हात जोडून उभा राहिला. "कळत नकळत काही चुकलं असेल तर माफ करा, म्बाक." मग आवाज खाली आणून म्हणाला, "त्या तासाभराची मला शंका आली होती. पण तुम्ही पास म्हणालात, मग मी निश्चिंत झालो. स्वतः बसनं एकदा जाऊन बघायला हवं होतं. उगाच तुमच्या शब्दावर भार टाकला."

'माझंही चुकलं असेल तर माफ कर.' एवढंच तिनं म्हणायचं होतं. सगळं ऑफिस सकाळपासून हेच वाक्य बोलत होतं. तिनं म्हटलं असतं तरी कुणाला काही कळलं नसतं. पण तिच्या तोंडून ते फुटेना.

"अगं हेस्ती, पोरगा ताटकळलाय, बोल की!" पाक हेंद्रो हसत म्हणाले. "आणि हो, ते डाउनलोडचं काम आता तुझ्याकडे."

सगळ्यांत आधी टाळ्या गालांगनं वाजवल्या.