नाव कापलेल्या गोळ्या

नर्सने वजन घेतलं, रक्तदाब पाहिला आणि मान वर न करताच विचारलं, "गोळ्या कोणत्या चालू आहेत?" शिवणखान्यात कपड्यांना काजं करणाऱ्या काजवालीने लोहाची सांगितली, कॅल्शियमची सांगितली आणि जाता जाता म्हणाली, की कंबर फारच धरली तर एखादी साधी दुखण्याची गोळी घेते. नर्सचं पेन थांबलं.

साधी म्हणजे कोणती, ते काही तिला सांगता येईना. पर्स उपसली तेव्हा तळाशी एक रिकामं पाकीट सापडलं, नखाएवढं, एका गोळीपुरतं कापलेलं. मागे एक तिरपी करडी रेघ होती. नावाचा पत्ता नव्हता.

"सातवा महिना आहे तुमचा," नर्स म्हणाली. "पॅरासिटामॉल असेल तर घाबरू नका, पण तीही विचारून आणि कमीत कमी घ्यायची. आयबुप्रोफेनसारखी असेल, तर पाचव्या महिन्यानंतर डॉक्टरांनी सांगितल्याशिवाय नाहीच. बाळाच्या मूत्रपिंडांवर ताण येतो, गर्भजल कमी होऊ शकतं. नाव घेऊन या. डॉक्टर चारपर्यंत आहेत."

शिवणखाना दोन गल्ल्या पलीकडे होता. पोटावर हात ठेवून ती चालत होती आणि आठवत होती, बाळ आज सकाळपासून हललं का. काज करताना लक्ष टाक्यांकडे असतं. हललं असेल. नसेलही.

ती गोळी आली होती आत्यांच्या डब्यातून. बटणं लावणाऱ्या बायकांत त्या सर्वांत जुन्या, म्हणून साऱ्या शिवणखान्याच्या आत्या. दर सोमवारी त्या गोळ्यांच्या पट्ट्या कात्रीने कापून एकेक गोळी सुटी करत आणि डब्यात बटणांसारख्या भरून ठेवत. कुणाचं डोकं दुखलं की डबा फिरे. काजवालीचं ऐकून त्या आधी हसल्या. "अगं, गोळी ती गोळी. थांबलं ना तुझं दुखणं?" तिने नर्सचं बोलणं सांगितलं, तसा त्यांचा चेहरा उतरला. डब्यात दोन दुकानांतून आणलेल्या दोन जाती होत्या, हे त्यांना तेव्हाच आठवलं. दोन्ही पांढऱ्या, दोन्ही गोल.

कटिंग मास्तरांनी टेबलावरचं कापड बाजूला सारून डबा पालथा केला. नाव पट्टीवर मधोमध एकदाच छापलेलं असल्यामुळे कुठल्याच तुकड्यावर ते पुरतं नव्हतं. "खिशावर चौकडी जुळवतो, तर हेही जुळेल," मास्तर पुटपुटले आणि चष्मा सारखा करून रेघेला रेघ, कडेला कड लावू लागले. एकेक मशीन थांबत गेलं. पहिली पट्टी जुळली, ती पॅरासिटामॉलची. तिच्यावर रेघच नव्हती. दुसरीचे काही तुकडे नव्हतेच, एक कोपराही रिकामा राहिला. काजवालीने आपला तुकडा तिथे ठेवला. करडी रेघ सरळ पुढे गेली.

मास्तरांनी नाव वाचलं. आयबुप्रोफेन.

  आत्यांनी ते तुकडे रुमालात बांधले, चपला पायांत सरकवल्या आणि काजवालीसोबत दवाखान्याकडे निघाल्या.

सगळ्या याच होत्या असं धरू, किती घेतल्या, असं डॉक्टरीणबाईंनी विचारलं. शुक्रवारी दोन, शनिवारी दोन, तिने बोटांवर मोजत सांगितलं. बाईंनी सोनोग्राफीचं यंत्र पोटावर फिरवलं. पडद्यावर काळं-करडं काहीतरी हललं. 

"गर्भजल आज ठीक आहे, ठोकेही चांगले आहेत. एवढ्याने बहुतेक काही बिघडत नाही. पण ही गोळी आता बंद. पुढच्या आठवड्यात पुन्हा बघू. हालचाल कमी वाटली तर मात्र थांबायचं नाही, लगेच यायचं."

ती बाहेर आली तेव्हा आत्या बाकावर रुमाल मांडीत धरून बसल्या होत्या. तिने सगळं सांगितलं. आत्यांनी ऐकून घेतलं, पण त्यांचा चेहरा काही सैल पडला नाही.

"किती सांगितल्यास?"

"चार."

आत्या रुमालाच्या गाठीकडे पाहत राहिल्या. "सोमवारी घरी जाताना एक दिली होती मी तुला. कंबर धरून जिना उतरत होतीस तेव्हा. पाच झाल्या, बाळा."

तिला ते आता आठवलं. आत दुसरी कुणीतरी तपासायला गेली होती, दार लागलेलं होतं. घड्याळात चारला दहा कमी होते. तिने आत्यांचा हात धरला आणि दारावर टकटक केली.