बारवेतल्या घुमरीची झील

मित्रांनो, जरा जवळ येऊन बसा. मला मोठ्याने बोलवत नाही. मी एक जुनी, थकलेली घुमरी आहे. घुमरी म्हणजे काय, हे तुमच्या गुरुजींनाही सांगता यायचं नाही, कारण आमच्या जातीतली मी शेवटची. चिंचोक्याएवढं माझं अंग, ओल्या दगडासारखा रंग आणि पोटाला ढोलकीच्या पुडीसारखी ताणलेली कातडी. पारनेरच्या माळावर एका लहानशा गावात पायऱ्यांची बारव आहे. तिच्या तळाशी, दोन चिऱ्यांमधल्या फटीत माझं घर.

देवाने कुणाला हात दिले, कुणाला चोच दिली. आम्हाला नाद दिला. जगातल्या प्रत्येक वस्तूला तिचा म्हणून एक नाद असतो. तो नेमका लागला की वस्तू ऐकते. आम्ही दगडाचा नाद घुमलो की दगड हळूच सरकायचा. मुळाचा घुमलो की मूळ ओलीकडे वळायचं. पाण्याचा घुमलो की खडकाच्या पोटातलं पाणी उठून आमच्याकडे चालत यायचं. बारव माणसांनी बांधली हे खरं, पण तिच्यातला झरा आमच्या पणज्यांनी घुमून आणला.

हे काम एकटीचं मात्र नाही. एकीने सूर लावायचा आणि बाकीच्यांनी झील धरायची. देवीच्या गोंधळात म्हणणाऱ्याच्या मागे झीलकरी सूर धरून उभे राहतात ना, तशी. झील नसली की सूर हवेत विरतो आणि लावणारीचा जीव तेवढा कमी होतो. शिवाय आधी शांतता लागते. रांगोळीला सारवलेलं अंगण लागतं, तसं.

जुन्या बायांना हे ठाऊक होतं. म्हणून गावात मुक्या पाण्याची रीत होती. सकाळचा पहिला हंडा न बोलता भरायचा, न बोलता घरी न्यायचा, त्यातलं पाणी तुळशीला घातलं की मग तोंड उघडायचं. तेवढ्या वेळात आमचं दिवसभराचं घुमणं होऊन जायचं. शिवाय पाण्याला आलेल्या बाया आमच्या फटीपाशी हळदीचं बोट टेकवून जायच्या. किती बरं वाटायचं!

मग एका उन्हाळ्यात पाणी जरा खाली गेलं. गावातले भिमाजी बुवा भजनी, मोठा भाविक माणूस. ते म्हणाले, "घुमऱ्या दमल्या असतील बिचाऱ्या. देवाचं नाव कानावर पडलं म्हंजी त्यास्नी हुरूप यील." झालं. रोज सकाळी बारवेच्या काठावर टाळ वाजू लागले. पुढे मृदंग आला, आणि वर्गणी जमली तसा लाऊडस्पीकरचा कर्णाही आला. तो थेट आमच्या तोंडावर बांधला, आम्हाला नीट ऐकू यावं म्हणून!

नाम वाईट कसं असेल, मित्रांनो? मीही ते जीव भरून ऐकलं. पण आम्हाला सूर लावायला फटच उरली नाही. माझ्या थोरल्या बहिणीने एकदा कर्ण्यावरून सूर लावायचा यत्न केला. तो पाण्याला लागायचा तो पायरीला लागला आणि पायरी मधोमध तडकली. लोक म्हणाले, बारव कोपली. मग त्यांनी भजन आणखी वाढवलं. आमच्या एकेकीचा जीव असा सुरात विरत गेला. रागावण्यासारखं कुणी नव्हतंच. माया करणाऱ्यावर रागवायचं तरी कसं?

बहात्तर सालचा दुष्काळ आला तेव्हा मी एकटी उरले होते. बारव कोरडी पडली. माणसं दुष्काळी कामावर खडी फोडायची आणि परदेशातून आलेल्या मिलो ज्वारीच्या लाल भाकरी खायची. भजन थांबलं, पण मला शांतता मिळाली नाही, कारण आता तळावर सुतकीचे, दगडफोड्या घणाचे, घाव पडू लागले. पुंजाराम नावाचा सुरुंग उडवणारा आला होता. बारवेचा तळ फोडून खोल करायचं ठरलं होतं.

माझ्या जिवाचं मला एवढं वाटलं नाही. पण त्या तळाखालचा खडक पोकळ होता. तो फुटला असता, तर कुठे आडवा अडून बसलेला उरलासुरला झराही कायमचा खाली निघून गेला असता. हे मला कळत होतं, पण सांगू कुणाला?

तळाला पाडलेल्या भोकांत सुरुंगाची दारू भरून झाली. "बारव मोकळी करा रे!" पुंजाराम वरून ओरडला. तेवढ्यात बनुबाई हंडा घेऊन पायऱ्या उतरू लागली. नवरी होऊन आल्यापासून या म्हातारीने मुक्या पाण्याचा नेम चुकवला नव्हता. पाणी आटलं तरी ती रोज यायची, तळाशी हात जोडून उभी राहायची आणि रिकामा हंडा तुळशीपुढे नेऊन ठेवायची.

"ए म्हातारे, कुठं निघालीस? खाली सुरुंग हायेत!"

बनुबाई उतरतच राहिली.

"बहिरी हाय का काय ही?"

"बहिरी न्हाई, नेम हाय तिचा," भिमाजी बुवा म्हणाले. "तुळशीफुडं हंडा ठिवल्याबिगर बोलत न्हाई ती."

"मंग वात लावतो. बघू बोलती का!" पुंजाराम म्हणाला, आणि दोघंचौघं हसले.

तिची सून छबूबाई धावत काठावर आली. "आत्याबाई, वर या वो! घरी येऊन भांडा माझ्याशी लई, पर वर या!"

बनुबाईने तळाशी पोचून वर पाहिलं आणि सगळ्यांना नुसते हात जोडले. त्या हातांपुढे कुणालाच बोलवेना. पुंजारामने वात खाली घेतली आणि टोपी काढून तो उभा राहिला. घाव मघाशीच थांबले होते. आता माणसंही थांबली. कितीतरी वर्षांनी माझ्या बारवेत शांतता उतरली.

मी सूर लावला.

झील धरायला कुणी नाही, हे मला माहीत होतं. सूर दुसऱ्या पायरीपर्यंत कापत गेला आणि विरू लागला. माझं अंग गार पडत चाललं. तेवढ्यात तळावरूनच, अगदी जवळून, कुणीतरी तो उचलला. बनुबाई! ओठ मिटलेले होते. जात्यावरची ओवी संपली तरी घशात हुंकार मागे राहतो ना, तसला तो आवाज. माझ्या साऱ्या बहिणींची छाती एकत्र केली तरी तेवढी झील झाली नसती.

आधी चिरा काळसर झाला. मग एक थेंब. मग करंगळीएवढी धार. बनुबाईने तिच्याखाली हंडा धरला.

पुंजाराम वहाणा काढून खाली आला. त्याने धारेखाली ओंजळ धरली. "दारू काढा रं भोकातली," तो हळूच म्हणाला. "फोडायचं न्हाई आता."

पाण्यावर बायांच्या बोलण्यातून सगळं कळतं, तसं मला पुढचं कळलं. तुळशीला पाणी घातल्यावर बनुबाईचा पहिला शब्द रडका होता. "छबे, माजा नेम मोडला गं. म्या आवाज केला."

"तोंड कुठं उघडलं वो तुमी? देवाला येवढं कळंना व्हय?" छबूबाई म्हणाली. तरी बनुबाईने त्या दिवशी उपास धरलाच.

कर्णा आता उतरवला आहे. भिमाजी बुवा पाण्याची वेळ उलटल्यावर देवळात भजन करतात. धार करंगळीएवढीच आहे, पण घरटी एक हंडा होतो.

माझं म्हणाल, तर आता सूर लावण्याइतका जीव माझ्यात उरला नाही. बनुबाई रोज येते आणि वाट बघत उभी राहते. मी गप्प. परवा तिने बराच वेळ कान दिला आणि मग ओठ मिटून स्वतःच सूर लावला. जरा ढाला, खालच्या पट्टीत लागला, जात्यावरचाच तो. पण पाण्याने ऐकला. आणि मी, मित्रांनो, आमच्या जातीतली शेवटची, जन्मभर सूर लावून दमलेली, मी तिच्यामागे झील धरली.

उद्या मी नसेन. ती येईल, सूर लावील, आणि तिच्यामागे कुणीच नसेल. तेव्हा पाण्याला जाल ना, तर घटकाभर गप्प उभे राहा. ऐका. आणि कानावर काही आलं, तर ओठ न उघडता तेवढी झील धरा.