मिठाच्या वाटेवरची घंटा

"चाल माह्या राजा. तू वाजत चाल, मागचे तुह्या आवाजावर येऊन राह्यले."

मित्रांनो, हा आवाज मी ऐकला त्याला आता सदुसष्ट-अडुसष्ट वर्षं होतील. बोलणारा धनसिंग तेव्हा अठरा वर्षांचा होता. तो बोलत होता आपल्या बैलाशी. पण बैलाच्या गळ्यात वाजत होते मी. म्हणून ते बोलणं मी माझंच समजते.

मी एक जुनी काशाची घंटा आहे. उंचीनं वीतभर, ओठाशी जराशी चिरलेली. रिसोडच्या एका ओताऱ्यानं मला मेणाच्या साच्यातून ओतलं. निवल्यावर त्यानं मला कानाशी धरून वाजवलं आणि न्यायला आलेल्या तांड्याच्या म्होरक्याला, मोहनसिंग नाईकाला सांगितलं, हिचा आवाज कोसभर जाईल, बैल मात्र तिच्या तोलाचा पाहा.

बैल तोलाचाच होता. अनसिंगजवळच्या तांड्यातला तो पांढरा बैल सगळ्यांच्या पुढं चाले. त्याच्या पाठीवर कधी ओझं लादलं नाही. त्याचं काम वाट दाखवायचं आणि माझं काम ती वाट मागच्यांना ऐकवायचं. मागं साठ-सत्तर बैल असत, प्रत्येकाच्या पाठीवर दोन्ही अंगांना गोण्या. वऱ्हाडातून जाताना गहू, जवस, येताना मीठ. मिठासाठी घाट उतरून थेट समुद्रापर्यंत जावं लागे. धुक्यात पुढचं माणूस दिसेना, की माझ्या आवाजावर तांडा चाले. ही माणसं आपसांत गोरमाटी, म्हणजे लमाणांची बोली, बोलत. तुम्हांला कळावं म्हणून मी त्यांचं बोलणं वऱ्हाडीत सांगते आहे.

अशा सात फेऱ्या मी केल्या. सातवी शेवटची ठरली. तोवर आगगाडी सुरू होऊन कैक वर्षं झाली होती, आणि मीठ गाडीत बसून अकोल्याला येऊ लागलं होतं. पण बापजाद्यांची वाट अशी कशी मोडू द्यावी, असं मोहनसिंग नाईकाला वाटे. त्या फेरीत धनसिंगचा धाकटा भाऊ किसनसिंगही निघाला. वय अकरा. समुद्र पाहायचा म्हणून रडून, रुसून आला होता.

घाटमाथ्यावर पोचलो आणि किसनसिंगला हिवताप भरला. एका म्हाताऱ्या गड्याजवळ आणि थकलेल्या बैलांजवळ त्याला वरच ठेवलं. परत आलो की समुद्र कसा असतो ते सगळं सांगीन, असं धनसिंगनं त्याला कबूल केलं, आणि आम्ही खाली उतरलो.

खाली रेवदंड्याच्या खाडीकाठच्या मिठागरावर धनसिंगला पटकी झाली. आता तुम्हांला दवाखाना आहे, सुई आहे. तेव्हा पटकी म्हटली की सख्खी माणसं उंबरा सोडून पळत. तांड्यानंही तेच केलं. त्याला एका खोपटात निजवलं, जवळ पाण्याचं मडकं ठेवलं, घाईघाईनं गोण्या भरल्या आणि बैल घाटाकडं वळवले. जाताना आमच्या बैलानं एकदा मान मागं वळवली. तेव्हा मला दिसलं, मिठागरावर राबणारी एक म्हातारी आगरीण त्या खोपटात शिरली. तिनं पदर मडक्यात भिजवला, धनसिंगचं तोंड पुसलं आणि त्याचं डोकं आपल्या मांडीवर घेतलं.

एवढंच मी पाहिलं. तांड्यात दुसऱ्या कुणी ते पाहिलं नाही, आणि मला ते कुणाला सांगता आलं नाही. मला फक्त वाजता येतं.

वाटेत किसनसिंगला घेऊन आणि धनसिंग गेला असंच धरून तांडा घरी आला. धनसिंगची आई रुपाबाई हिनं एकच प्रश्न धरून ठेवला: शेवटी माझ्या लेकराजवळ कोण होतं? मोहनसिंग नाईकानं मान खाली घातली. बाकीच्यांनी बैलांचे दोर सोडायला घेतले. तिसऱ्या दिवशी अकरा वर्षांचा किसनसिंग पुढं झाला आणि म्हणाला, "माय, मी होतो."

मग तो सांगत गेला. आपण घाट उतरलो, समुद्र काठोकाठ भरलेला होता, थोरला दादा तो पाहून हसला आणि माझा हात धरून गेला. ज्यांनी धनसिंगला टाकलं होतं त्यांना हे बरंच झालं. कुणी हूं की चूं केलं नाही.

त्यांची धाकटी बहीण जमना तेव्हा सात वर्षांची होती. ती मोठी झाली, सासरी गेली, मग कपाळ पांढरं करून माहेरी परत आली. जात्यावर बसली की ती आपणच जुळवलेली ओवी म्हणे:

मिठाच्या गावाले, माहा थोरला गेला भाऊ,
जवळ धाकला होता, कायले मी रडत राहू.

ती ओवी सुरू झाली, की किसनसिंग अंगणातून उठून गोठ्यात येई. मी तिथंच खुंटीला होते. तो बैलांना चारा टाकी. चारा आधीच टाकलेला असे.

पुढं माझा बैल म्हातारा झाला आणि गेला. तांडा शेतीला लागला, ज्वारी-तुरी पेरू लागला, हंगामात दुसऱ्यांच्या कामावर जाऊ लागला. सुरुवातीला पोळ्याला मला आठवणीनं काढत, गेरू लावत, एखाद्या जोडीच्या गळ्यात मिरवत. बायका म्हणत, आवाज काय आहे हिचा! मग तेही थांबलं. पत्र्याच्या हलक्या घंट्या बाजारात आल्या. मला कुणीतरी कणगीमागं टाकलं. अंगावर हिरवा कळंक चढला, आतला लोळा गंजून एका बाजूला अडकला. मी कितीतरी वर्षं वाजलेच नाही. किसनसिंगला तर मी डोळ्यांसमोर नकोच होते.

आणि मग एकोणीसशे सत्तावन्न साल आलं. आपला मुलूख मुंबई राज्यात गेला त्याला जेमतेम सहा महिने झाले होते. सरकारनं शेतकऱ्यांची सहल काढली: मुंबईत शेतीचं प्रदर्शन, आणि एक दिवस अलिबाग, चौल, रेवदंडा ही समुद्रकाठची जुनी गावं. ग्रामसेवक पंजाबराव नावं घ्यायला तांड्यात आला. किसनसिंगनं गुडघे दुखतात म्हणून सांगितलं. पंजाबराव म्हणाला, "आजा, समिंदर पाह्यलेला या तालुक्यात तुमच्याबिगर कोन हाय? तुमी नाही आले तं आमाले समजावून कोन सांगीन?"

जमनाबाई आतून म्हणाली, "त्याचे गुडघे मी चोळीन. दोन नावं लिहा."

तिचं कारण वेगळं होतं. तिला थोरल्या भावाची जागा पाहायची होती. तिथं त्याच्या नावानं घास ठेवायचा होता, आणि त्याच्या बैलाची घंटा त्या पाण्यात एकदा धुवायची होती. तिनं कणगीमागून मला ओढून काढलं. चिंच आणि राख लावून दोन दिवस घासलं, लोळ्याला तेल दिलं. मी वाजले तेव्हा ती जरा वेळ हात तसाच धरून बसली. मग तिनं ज्वारीच्या भाकरीचा गूळ-तूप घालून चुरमा केला, फडक्यात बांधला आणि मला त्याच्याशेजारी पिशवीत ठेवलं.

वाशीमहून अकोला, अकोल्याहून मुंबई. प्रदर्शन झालं. तिसऱ्या दिवशी भल्या सकाळी भाऊच्या धक्क्यावरून लाँच सुटली. पंजाबराव दर अर्ध्या तासानं माणसं मोजी आणि दर वेळी स्वतःला मोजायचं विसरे. एक माणूस कमी भरला की त्याला घाम फुटे. जमनाबाई म्हणाली, या पोराले आधी कोनी तरी मोजा.

रेवसला उतरलो. तिथं आम्हांला गावं दाखवायला एक निवृत्त मास्तर भेटले, काळी छत्री आणि पांढरी टोपी. मोटारीनं त्यांनी आम्हांला अलिबागच्या किनाऱ्यावर आणलं. समोर पाण्यातला किल्ला आहे असं ते वाटेत सांगत आले होते. पाहतो तर किल्ल्यापर्यंत पाणीच नाही. काळे खडक, ओली वाळू, आणि माणसं चालत किल्ल्यात जात होती.

सगळे किसनसिंगकडं पाहू लागले. पंजाबरावानं विचारलंच, पाणी काहून मागं गेलं?

किसनसिंगनं काठी टेकली, आपल्या नदीकडं पाहावं तसं त्या वाळूकडं पाहिलं आणि जाणत्या माणसाच्या सुरात म्हणाला, "वैशाख हाय बाप्पा. आटलं. मिरगाचा पाऊस पडला का भरते मंग."

मास्तर हसले, पण दुखावणारं हसले नाहीत. त्यांनी सांगितलं की ही ओहोटी; समुद्र दिवसातून दोनदा मागं जातो, दोनदा भरून येतो; आता गेलेलं पाणी दुपारी आपण रेवदंड्याला पोचू तोवर परत आलेलं असेल. इथं एक दिवस राहिलेल्या लेकरालाही हे ठाऊक असतं. आमच्यातले काही जण खो-खो हसले. कुणीतरी म्हणालं, म्हाताऱ्याले इसर पडला. जमनाबाई हसली नाही. तिनं पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

किल्ल्यात मास्तरांनी गोड्या पाण्याची विहीर दाखवली. चहूकडं खारं आणि मधे गोडं! पंजाबरावानं आधी खारं चाखून तोंड वाकडं केलं, मग गोडं पिऊन खात्री करून घेतली. तिथून आम्ही चौलला गेलो. इथं कधी काळी दूरदेशीची जहाजं लागत, घोडे उतरत, रेशीम चढे, असं मास्तर सांगत होते. आता नारळी-पोफळीच्या बागा आणि रहाटाची कुरकुर. मग रेवदंडा, फिरंग्यांचा पडका कोट, तटातून उगवलेली झाडं. मास्तरांनी तटावर उभं राहून खाडीकडं बोट केलं आणि सांगितलं, तिकडं मिठागरं होती. वंजारी, लमाण घाटावरून बैल घेऊन यायचे.

"आमचेच ते," जमनाबाई म्हणाली. सगळ्या सहलीत मास्तरांशी ती एवढंच बोलली.

पाणी खरोखर परत आलं होतं. तटाच्या पायाशी लाटा आपटत होत्या. जमनाबाई बराच वेळ ते पाहत उभी होती. मग तिनं भावाला विचारलं, खोपट कुठं होतं? मोटार सुटायला अर्धा तास होता. किसनसिंगनं उगाच इकडंतिकडं पाहिलं, काठी उचलली आणि खाडीकाठच्या केवड्याच्या बनाकडं दाखवली.

मित्रांनो, ती जागा ती नव्हती. मिठागर त्याच्याही पलीकडं, पाण्याच्या वळणावर होतं. मी पिशवीत होते, मला कळत होतं. पण मी काय करणार?

जमनाबाई केवड्यापाशी गेली. तिनं मला खाडीच्या पाण्यात तीनदा बुडवलं. मी ओल्या आवाजानं वाजले. मग तिनं तळहातानं जागा झाडली, पाणी शिंपडलं आणि चुरम्याची गाठ सोडायला घेतली. किसनसिंग तिच्यामागं दहा पावलांवर उभा होता. लांबून पंजाबरावाची शिट्टी ऐकू येत होती.

इथं जरा थांबून तुम्हांला एक गोष्ट सांगते. तुमच्या घरीही माझ्यासारखं काहीतरी असेल, अडगळीत, कणगीमागं. त्याला बाहेर काढा. चिंच लावा, पुसा, कोरड्या खुंटीला टांगा. फार काही लागत नाही आम्हांला. पण वस्तू सगळं पाहते आणि सांगू शकत नाही. माणूस सांगू शकतो. त्याला समोर बसून ऐकणारं कुणीतरी लागतं, आणि ते घाई करणारं नको. तुमच्या घरातल्या म्हाताऱ्या माणसांजवळ असे बसा.

जमनाबाई तशी बसली. फडकं उलगडलेलं, पहिला घास बोटांत, आणि तो खाली न ठेवता तिनं मागं पाहिलं. शिट्टी पुन्हा वाजली. ती उठली नाही.

"किसनभाऊ," ती म्हणाली, "इथंच ठेवू का?"

किसनसिंग वाळूत खाली बसला, गुडघे दुखत असताना.

"नको ठेवू, जमने. ते खोपट मले ठाऊक नाही. मी घाट उतरलोच नाही. तापानं वरच पडलो होतो. थोरला दादा आपल्या कोनाबिगर गेला."

तिनं घास मुठीत मिटला आणि विचारलं, "मंग मायले तसं काहून सांगतलं?"

"तीन दिस मायनं तोंडात पानी घेतलं नव्हतं," किसनसिंग म्हणाला. "म्या म्हटलं मी होतो, अन् ती उठली, भाकर खाल्ली तिनं. मंग ते खोटं होतं म्हनाची माही हिंमतच झाली नाही, जमने. मायपुढं नाही, अन् तुह्यापुढंही नाही."