साबणाखालचा पत्रा

माझ्या मुलाला एक खोड आहे. घरात काही बिघडलं की तो आधी विचारतो, "कुणी हात लावला होता?" काय बिघडलं, कसं बिघडलं, ते सगळं नंतर. नळ गळला, कुणी हात लावला होता? घड्याळ बंद पडलं, कुणी हात लावला होता? घड्याळातला सेल संपला होता हो! पण ते कळेपर्यंत घरातल्या प्रत्येकाची उलटतपासणी होऊन गेली होती. ऑफिसात त्याच्या हाताखाली दहा माणसं आहेत. ती बिचारी कसे दिवस काढत असतील, देव जाणे.

आता ही खोड त्याने कुठून उचलली, ते पुढे येईलच. मला लपवायचं नाही.

आमच्याकडे एक जुनी गाडी आहे. ह्यांनी घेतलेली. ह्यांना जाऊन सहा वर्षं झाली, गाडीला बावीस झाली. रंग उडालाय, मागच्या दाराची काच हाताने वर ढकलावी लागते, पण इंजिन अजून खणखणीत. सोमवार, बुधवार, शुक्रवार गाडी सुनेकडे, बाकीचे दिवस मुलाकडे. सून एका दवाखान्यात नर्स आहे. जी माणसं अंथरुणातून उठू शकत नाहीत त्यांच्या घरी जाऊन ती जखमा धुते, पट्ट्या बदलते, इंजेक्शनं देते. एका दिवसात सात-आठ घरं होतात.

तर दोन महिन्यांपासून ही गाडी तिला रस्त्यात अडवायला लागली. किल्ली फिरवली की एकदाच 'टक' वाजायचं आणि पुढे ढिम्म. दिवे लख्ख, हॉर्न कान फोडणारा, पण इंजिन फिरायचं नाव नाही. मग तिने खाली उतरायचं, येणाऱ्या-जाणाऱ्याला विनवायचं, त्यांनी धक्का मारायचा, तेव्हा कुठे गाडी चालू.

आणि मुलाच्या दिवशी? एका किल्लीत सुरू! एकदा म्हणून चुकली नाही.

झालं, साहेबांचा निकाल लागला. "माझ्या हातात काही होत नाही, तुझ्याच हातात कशी बंद पडते? तू दिवे चालू ठेवत असशील, बॅटरी उतरत असेल." त्याने नवी बॅटरी बसवली. चौथ्या दिवशी पुन्हा 'टक'. तेव्हा तर त्याला पुरावाच सापडला. "आता बॅटरीही नवी आहे. म्हणजे राहिलं काय? तुझा हात!"

मी तिथेच भाजी निवडत होते. माझ्याही तोंडून निघून गेलं, "असतो बाई एकेकीचा हात जड."

सुनेने पिशवीतून एक छोटी वही काढून त्यात काहीतरी लिहिलं आणि वही परत ठेवली. मला वाटलं, आमचीच गाऱ्हाणी लिहून ठेवते की काय!

त्या शुक्रवारी मात्र हद्द झाली. एका निवृत्त मास्तरांच्या पायाला जखम आहे, तिथे तिला सकाळी दहाला पोचायचं होतं. पोचली दुपारी एकला. मास्तर ओल्या पट्टीने तसेच बसून होते. दवाखान्यातल्या मुख्य सिस्टरनी तिला सांगितलं, "आणखी एकदा उशीर झाला तर ही सगळी घरं मी दुसरीला देणार. रोग्याला तुमच्या गाडीशी काय करायचंय?" त्यांचं तरी काय चुकलं?

घरी आल्यावर तिने हे सांगितलं, तर मुलगा म्हणतो, "मग सोड ते काम. सोमवारपासून गाडी मी देणार नाही. उद्या भर चौकात बंद पडली तर?"

तेव्हा ती पहिल्यांदा बोलली. "माझा हात खराब असेल तर सोडीन मी काम. पण तो खराब आहे हे आधी मला कुणीतरी दाखवा."

मंडळी, अकरा वर्षं झाली तिला या घरात येऊन. इतक्या शांत आवाजात तिने मला कधी घाबरवलं नव्हतं.

रविवारी सकाळी तिने मिस्त्रींना बोलावलं. हे होते तेव्हापासून गाडी तेच बघतात. डाव्या कानाने कमी ऐकू येतं, पण त्यांचा उजवा कान म्हणजे दुर्बीण आहे. आले, बोनेट उघडलं आणि विचारलं, "काय होतंय?"

मुलगा लगेच पुढे. "काका, त्याचं असं आहे, हिला ना—"

"साहेब, मी गाडीचं विचारलं. बाईंचं नाही."

मिस्त्रींनी दहा वेळा किल्ली फिरवली. दहाही वेळा गाडी सुरू झाली. मुलाने माझ्याकडे असं बघितलं, जसा काही परीक्षेत पहिला आलाय.

"बघा! गाडीत काही नाहीच."

"छान झालं," मिस्त्री म्हणाले. "म्हणजे रोगी आत्ता बरा आहे. मग ताप येतो कधी?"

सुनेने ती वही काढली. म्हणजे ती आमची गाऱ्हाणी नव्हती! गाडी कुठे बंद पडली, किती वाजता, त्याआधी किती चालली होती, सगळं तारखेनिशी लिहिलेलं. "पहिल्या घरापाशी कधीच बंद पडली नाही, काका. तिसऱ्या नाहीतर चौथ्या घरानंतर पडते. तेही मी आत दहा-पंधरा मिनिटंच थांबले असेन तर. मास्तरांकडे पाऊण तास लागतो. तिथून निघताना एकदाही अडली नाही."

मिस्त्रींनी उजवा कान तिच्याकडे केला. "हे लिहायला कुणी सांगितलं तुम्हाला?"

"कुणी नाही. रोग्याचा ताप लिहितो तसं लिहिलं."

"आणि साहेब, तुम्ही दिवसातून किती वेळा गाडी सुरू करता?"

"सकाळी जाताना, संध्याकाळी येताना. दोनदा."

"दोन्ही वेळा इंजिन थंड असताना," मिस्त्री म्हणाले आणि हात पुसले. "चला, हिला ताप आणू. गाडी तुम्ही चालवायची. बाईंनी आज किल्लीला बोट लावायचं नाही."

मीही मागे जाऊन बसले. मला कुणी बोलावलं नव्हतं. पण घरातलं भांडण गाडीत बसून निघालं, आणि मी काय घरी कपड्यांच्या घड्या घालू?

वीस मिनिटं चाललो. एका बंद दुकानासमोर थांबलो, दहा मिनिटांनी निघालो. सुरू झाली. पुन्हा चाललो, पाण्याच्या टाकीपाशी थांबलो. सुरू झाली, पण आवाज जड, पायऱ्या चढून आल्यासारखी धापा टाकत. मिस्त्री नुसते हसले. तिसऱ्यांदा शाळेच्या फाटकापाशी थांबलो. रविवार, सगळं सामसूम. दहा मिनिटांनी मिस्त्री म्हणाले, "फिरवा, साहेब."

टक.

मुलाने पुन्हा फिरवली. टक. पुन्हा. टक! त्याच्या कपाळावर घाम आला आणि सवयीने तोंड उघडलं. "कुणी हात—"

आणि तो थांबला. गाडीत चौघं होतो आणि किल्लीवर हात त्याचाच होता.

सून खिडकीतून बाहेर बघत राहिली. हसली नाही. तिच्या जागी मी असते तर पोट धरून हसले असते.

मिस्त्रींनी खाली वाकून एक छोटा तपासणीचा दिवा लावला आणि मुलाला किल्ली फिरवून धरायला सांगितली. दिवा पेटला. "म्हणजे किल्लीचा हुकूम स्टार्टरपर्यंत, इंजिनाला पहिला फेरा देणाऱ्या मोटरपर्यंत, पोचतोय. बॅटरीचा करंटही पोचतोय. आता काम कुणी करत नाही? हा खाली बसलाय तो." त्यांनी पान्याच्या दांड्याने स्टार्टरवर दोन टिचक्या मारल्या. "आता फिरवा." गाडी सुरू!

"म्हणजे झालं ना काम?" मुलगा म्हणाला.

"झोपलेल्याला हलवून उठवला, साहेब. का झोपतो ते अजून कळायचंय."

घरी आल्यावर इंजिन निवू दिलं आणि मग स्टार्टर काढायला घेतला. पहिल्यांदा मिस्त्रींनी बॅटरीची काळी वायर सोडली. मी विचारलं, "स्टार्टर खाली, मग तुम्ही वर काय करताय?"

"वहिनी, त्या स्टार्टरची जाड वायर सरळ बॅटरीतून येते. किल्ली काढली तरी ती जिवंतच. पाना चुकून बॉडीला टेकला तर इथे दिवाळी होईल."

हे मला पटलं. मग जॅकने गाडी उचलली, नुसत्या जॅकवर विसंबायचं नाही म्हणून खाली लोखंडी घोडे लावले आणि मिस्त्री आत शिरले. जाड वायरचा नट, बारीक वायर, खालचा बोल्ट सुटला. वरच्या बोल्टपर्यंत त्यांचा हात जाईना, मुलाचा तर मनगटाशीच अडकला. सून म्हणाली, "मी बघू?" तिने वरून हात घातला, चाचपत पाना बसवला आणि दातओठ खाऊन बोल्ट फिरवला. हाच तो जड हात!

स्टार्टर बाहेर आला. वरवंट्याएवढा लांब आणि तेवढाच जड, काळाकुट्ट. मिस्त्रींनी तो जमिनीवर पायाखाली घट्ट दाबून धरला आणि दोन वायरींनी बॅटरीला जोडला. गुर्रकन फिरला!

"हा तर चांगला आहे!" मुलगा.

"थंड आहे ना आत्ता. चांगला वागणारच."

मागचं झाकण उघडलं तर आतून काळी भुकटी सांडली. मिस्त्रींनी दाखवलं. आत कार्बनचे छोटे चौकोनी तुकडे असतात, स्प्रिंग त्यांना दाबून धरते, त्यांच्यातून करंट फिरत्या भागाला मिळतो. आमचे तुकडे झिजून नखाएवढे राहिले होते आणि एक तर खाचेत अडकूनच बसला होता. तापला की फुगून अडकणार, निवला की सुटणार, टिचकी मारली की सरकणार. म्हणजे सुनेच्या वहीत जे लिहिलं होतं, तेच आत दिसत होतं.

मला वाटलं, संपलं. पण सूनच म्हणाली, "काका, कार्बन झिजला हे कळलं. पण हा इतका तापतो कशाने?"

मिस्त्रींनी तिच्याकडे असं बघितलं, जसं गुरुजी हुशार मुलाकडे बघतात. पुन्हा गाडीखाली गेले आणि तिथूनच ओरडले, "इथे धुराची नळी स्टार्टरच्या अगदी शेजारून जाते. तिची धग लागू नये म्हणून मध्ये एक पत्रा असतो. इथे नुसती दोन भोकं आहेत. पत्रा गेला कुठे?"

मग मुलगा चोरासारखा पुटपुटला, "तो... खडखड करायचा. दोन वर्षांपूर्वी मीच काढून टाकला. डोकं उठायचं माझं."

मिस्त्री गाडीखालून तोंड बाहेर काढून शांतपणे म्हणाले, "म्हणजे हात तुम्ही लावला होता."

मुलाचे कान लाल झाले. आणि मी? दोन भोकांचा, जरासा वाकलेला पत्रा... मी तशीच उठून मोरीत गेले. कपडे धुण्याच्या दगडाशेजारी माझा साबण ज्याच्यावर असतो, तो पत्रा! दोन वर्षांपूर्वी अंगणात पडलेला सापडला. भोकांतून पाणी निथळतं, साबण महिनाभर पुरतो, म्हणून मी शेजारणींना कौतुकाने दाखवलाही होता. साबण उचलला, पत्रा घासला, आणून मिस्त्रींच्या हातात दिला. त्यांनी धरून बघितला. भोकाला भोक बरोबर जुळलं.

"वहिनी," ते म्हणाले, "साबण मात्र चांगला राहिला असेल."

मिस्त्रींच्या पेटीत कार्बन होते. ते बसवले, स्प्रिंगा बदलल्या, स्टार्टर जागेवर गेला, पत्रा नव्या बोल्टांनी घट्ट आवळला. आता खडखड नाही. तो बोल्ट सैल झाल्यानेच खडखडत होता. एक पाना फिरवायचा, त्याऐवजी आम्ही पत्राच काढून फेकला! मग सून गाडी तापवून आली आणि ती फाटकात उभी करून तिने पाच वेळा बंद करून पाच वेळा सुरू केली. पाचव्या वेळी मुलगा पुढे गेला आणि सगळ्यांसमोर म्हणाला, "चुकलो मी. माझ्या दिवशी बंद पडत नाही एवढंच बघितलं. तुझा दिवस कसा असतो ते कधी बघितलंच नाही."

ती म्हणाली, "उद्या सकाळी आठला गाडी लागेल मला." बस्स. तेवढंच.

मंडळी, मी चार इयत्ता शिकलेली बाई. मला स्टार्टरमधलं काय कळतं? पण एवढं कळलं की माणसाला दोष देणं फार स्वस्त असतं, एका वाक्यात होतं. बिघाड शोधायला गाडीखाली झोपावं लागतं. तुमच्या घरात, ऑफिसात, दवाखान्यात कुणाच्या हातून सारखं काही बिघडत असेल, तर त्याच्या हाताकडे बघण्याआधी त्याच्या वाट्याला काय येतं ते बघा. तापलेलं इंजिन त्याच्याच वाट्याला येत असेल!

संध्याकाळी चहाच्या वेळी मुलगा माझ्याजवळ येऊन बसला. आणि जुन्या वळणावर आलाच. "पण आई, पत्रा तू उचलला होतास, तर तेव्हाच विचारायचं नाही का?"

मी कप खाली ठेवला. सून दारातच उभी होती, तिला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "विचारायला हवं होतं. नाही विचारलं. 'कुणी हात लावला' हे विचारायची खोड तुला मीच लावली, लहानपणी एकेक फुटलेल्या कपावरून. पत्रा काढलास तू, त्यावर साबण ठेवला मी, आणि बोलणी खाल्ली तिने. हात तिचा जड नव्हता रे, आपली जीभ सैल होती. तेव्हा आता ऐक. गाडी आठवडाभर तिच्याकडे राहील, तू चालत जा, डोकं थंड राहील. आणि येताना मला एक साबणदाणी घेऊन ये. भोकांची!"