टेबलावरचे सहा हातमोजे

सकाळी कॉफीचा कप खाली ठेवता ठेवता मेंडेल झेलनिकने लेकीला पुन्हा एकदा बजावलं.

"आज टीव्हीवर तुझं नाव दिसलं तर ठीक. नाही दिसलं तर उद्या सोमवारी मामाच्या ऑफिसात टाइप करायला बसायचं. कबूल?"

"कबूल," हॅरिएट म्हणाली. "आणि दिसलं तर?"

"तर मी मामाचा विषय पुन्हा काढणार नाही."

म्हाताऱ्याचंही काही चुकत नव्हतं. चार वर्षं हॅरिएट टीव्हीसाठी लिहीत होती, म्हणजे खरं तर दुसऱ्यांच्या नाटकांना ठिगळं लावत होती. नाव व्हायचं ते ज्याचं फाटलं होतं त्याचं. इमारतीत टीव्ही एकट्या फुस्कोबाईंकडे. दर वेळी त्या चष्मा पुसून पडद्याला नाक लावायच्या आणि विचारायच्या, "कुठाय हो तुमच्या मुलीचं नाव?" बाप बिचारा खाली मान घालून जिना चढायचा. पण आजचं नाटक पहिल्या शब्दापासून शेवटच्यापर्यंत हॅरिएटचं होतं. एका हातमोजे शिवणाऱ्याचा कारखान्यातला शेवटचा दिवस. कुणाच्या बापावर बेतलंय हे तिने घरी सांगितलं नव्हतं. बघतीलच की.

पाच वाजता नाटक सुरू झालं तेव्हा हॅरिएट कंट्रोल रूममध्ये दिग्दर्शक ड्वाइटच्या मागे उभी होती. सगळं थेट चाललं होतं, चुकलं ते देशभर चुकणार. खाली कॅमेरे धावत होते, नट एका सेटवरून दुसऱ्या सेटवर पळता पळता कोट बदलत होते, आणि तिने स्वयंपाकघरातल्या टेबलावर बसून लिहिलेली वाक्यं माणसांच्या तोंडून निघत होती. तिला इतका आनंद झाला होता की उड्या माराव्याशा वाटत होत्या. एक नटी वाक्य विसरली, दुसरीने तिला बेमालूम सावरलं. हॅरिएटने ड्वाइटचा खांदा इतका दाबला की तो कळवळला.

"बाई, हा खांदा मला अजून लागणार आहे," तो म्हणाला.

शेवटचा प्रसंग लायल प्रॉक्टरचा. सत्तरी ओलांडलेला, रंगभूमीवर मुरलेला नट. तालमीत त्याने हॅरिएटला विचारलं होतं, "हा माणूस रोज असं काय करतो, जे दुसरं कुणी करत नाही?" तेव्हा तिने त्याला बापाची खोड दाखवली होती. हातमोजा शिवून झाला की मेंडेल त्यात हलकेच फुंकर घालायचा. बोटं टम्म फुगली की त्या हातमोज्याशी शेकहँड करायचा आणि म्हणायचा, "जा आता." लहानपणी हॅरिएटला ते बघताना हसू आवरायचं नाही.

तालमीत टेबलावर एक हातमोजा असायचा. त्याच्या निरोपाला आठ सेकंद लागायचे. पण आज सामान मांडणाऱ्याला वाटलं, देश बघतोय, टेबल जरा भरलेलं दिसू दे. त्याने सहा मांडले.

लायलने पहिल्यात फुंकर घातली, शेकहँड केला, "जा आता" म्हणाला. मग उठायचं होतं. तो उठला नाही. त्याची नजर उरलेल्या पाचांवर गेली, आणि त्याने दुसरा उचलला.

"हे काय करतोय म्हातारा?" ड्वाइट ओरडला.

हॅरिएटला मात्र लगेच कळलं. एकाला निरोप द्यायचा आणि बाकीच्यांना तसंच टाकून जायचं, हे कुठल्या कारागिराला जमलं असतं? पपांना नक्कीच जमलं नसतं.

तिसरा. कंट्रोल रूममध्ये कुणी हलेना. घड्याळ धरून बसलेली सहायिका जून डोळे पुसत सेकंद मोजत होती.

"वेळ जातोय," ड्वाइट भराभर बोलला. "साबणाच्या जाहिरातीला हात लावता येत नाही. सहाला बातम्या. उरतात फक्त शेवटची नावं, त्यांचे चाळीस सेकंद. हॅरिएट, लवकर सांग. इथेच तोडतो, नाहीतर नावं गेली. माझंही जाईल, पण तुझं पहिलं आहे म्हणून विचारतोय."

लायलने चौथा उचलला. हॅरिएटला मामाचं ऑफिस दिसलं, पडद्याला नाक लावलेल्या फुस्कोबाई दिसल्या, जिन्यावरची बापाची वाकलेली मान दिसली.

"तोडू नकोस," ती म्हणाली.

सहावा हातमोजा खाली ठेवून लायलने दिवा मालवला. जाहिरात लागली, साबणाचा फेस उसळला, आणि बातम्या सुरू झाल्या. नाव कुणाचंच आलं नाही. कंट्रोल रूममध्ये सगळे एकमेकांना मिठ्या मारत होते. हॅरिएटही हसत होती, रडत होती, आणि मनातल्या मनात उद्यासाठी करडा स्कर्ट इस्त्री करत होती.

मग तिने धीर करून फुस्कोबाईंकडे फोन लावला. मागे गलका होता. पलीकडे बाप आला.

"पपा, नाव नाही आलं."

"दिसलं मला. म्हणजे, नाही दिसलं." "फुस्कोबाई म्हणाल्या, बघा, आजही थापच निघाली."

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"मी म्हटलं, बाई, हातमोज्याशी शेकहँड करणारा वेडा अख्ख्या न्यूयॉर्कात एकच आहे, आणि त्याच्या घरी राहून हे बघणारी पण एकच." त्याने नाक शिंकरलं. "हॅटी, त्याने सहाही केले गं. एकही सोडला नाही."

"हो, पपा."

"बरं, ये लवकर, सूप गार होतंय. आणि मामाला मी आत्ताच कळवलंय, दुसरी टायपिस्ट बघ म्हणून."