चित्र थांबलं तेव्हा

सिनेमाच्या धंद्यात तिला सगळे झाडूवाली म्हणत आणि तिला त्याचा राग नव्हता. संवादांखालचा कचरा काढणं हेच तिचं काम. खुर्चीची करकर, कुणाचा खोकला, माइकला घासलेला शर्ट. "तुझं काम लक्षात आलं की तू फसलीस," असं तिच्या गुरूनं, एका म्हाताऱ्या संकलकानं, पहिल्याच दिवशी बजावलं होतं. इतक्या वर्षांत पडद्यावर तिचं नाव यायचं तेव्हा लोक पाठमोरे होऊन दाराकडे निघालेले असायचे.

बाळंतपणानंतरचा हा पहिलाच सिनेमा. "ताई, घरूनच कर," दिग्दर्शक फोनवर म्हणाला होता, "पण संध्याकाळी मला हा प्रसंग हवाच. नाहीतर दुसरा झाडू बघावा लागेल." हसत म्हणाला, पण गंमत करत नव्हता.

प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. कापलेल्या जागी भरायला प्रसंगातल्या खोलीसारखी शांतता हवी, म्हणून सकाळी तिनं निजायच्या खोलीत माइक लावून ती टिपून घेतली होती. तेवढ्यात मुलगी पेंगली. तिला तिथंच पाळण्यात ठेवून ती दार ओढून बाहेर आली. माइक आवरायचा राहिला. पाळण्याच्या कठड्याशी तो तसाच उभा, टोकाला मऊ काळ्या स्पंजची टोपी, तार दाराखालून तिच्या टेबलाकडे गेलेली.

"मी भाजी घेऊन येते. पोरीकडे कान ठेव गं," सासूबाई म्हणाल्या.

"आई, कान ठेवायचेच तर पैसे मिळतात मला," ती म्हणाली आणि हेडफोन चढवला.

पडद्यावर एक बाई दाराशी उभी राहून मुलाला निरोप देत होती. तिच्या वाक्याखाली बारीकशी खरखर आली. पदर घासला असेल माइकला. बोट डोक्याच्या आधी चाललं: तेवढा तुकडा कापला, जागी शांतता भरली. पुढच्या वाक्याखाली पुन्हा तेच, जरा ओलसर, अडकल्यासारखं. "काय बाई ही, घसा तरी साफ करायचा," ती पुटपुटली आणि तोही तुकडा काढला.

तिसऱ्यांदा आलं तेव्हा तिनं चित्र थांबवलं.

बाई तोंड उघडं टाकून पडद्यावर गोठली. आवाज थांबला नाही.

हेडफोनमध्ये ती खरखर चालूच होती. आतला माइक चालू होता. सकाळपासून.

हेडफोन तारेसकट ओढला गेला, खुर्ची कोलमडली. पाळण्यात मुलगी कठड्याला धरून बसलेली, चेहरा जांभळट, डोळे विस्फारलेले. रडणं नाही, काही नाही. हातात कुरतडलेली स्पंजची टोपी. तिनं पोरीला हातावर पालथं घातलं, डोकं खाली, आणि तळव्यानं पाठीत ठोकलं. पुन्हा. पुन्हा. बोराएवढा काळा, ओला गोळा फरशीवर पडला. क्षणभर काहीच नाही. मग पोरीनं असा टाहो फोडला की जिन्यातून सासूबाई पिशवी टाकून धावल्या.

त्यांनी गोळा उचलला, टोपी पाहिली, आणि ओरडायला उघडलेलं तोंड मिटलं. नात आता नेहमीच्या रंगावर आली होती, हुंदके देत आईचा कुर्ता ओढत होती.

"चल, आधी डॉक्टरकडे," त्या म्हणाल्या. मग आवाज खाली आणून, "जाऊ दे. कानाला ती झाकणं लावल्यावर तुला तरी कसं ऐकू येणार?"

सुटका समोर उभी होती. नुसती मान हलवायची.

बाहेर टेबलावर फोन वाजत होता. पडद्यावरची बाई अजून तोंड उघडून उभी होती आणि तिच्या आवाजाच्या पट्टीत दोन स्वच्छ भोकं होती. तिथं मुळात फक्त त्या बाईचा श्वास होता; खरखर त्या पट्टीत नव्हतीच.

"ऐकू आलं होतं, आई," ती म्हणाली. "दोनदा. मी ते काढून टाकलं."